गुलाबी कानाचा घोडा

दाताच्या दवाखान्याच्या मागच्या खोलीत बसून कवळ्या करणारी बाई ग्रँडमास्टर होईल, हे तिच्या घरात कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं. दादाच्या तर नाहीच नाही. दादा क्लबात जाऊन बुद्धिबळ खेळायचा. घड्याळ दाबून, समोरच्याच्या नजरेला नजर देऊन खेळायचा आणि बहुतेकदा हरून यायचा. तरी घरातला खेळाडू तोच. बहीण जे खेळायची त्याला तो 'टपालखातं' म्हणे.

बहिणीला सगळे कवळीताई म्हणत. डॉक्टर पुढच्या खोलीत लोकांच्या तोंडाचे ठसे घेत आणि मागे पाठवत. त्यात प्लास्टर ओतायचं, मेणात एकेक दात बसवायचा, घासून पुसून असं काही जमवायचं की माणसाला चावता आलं पाहिजे आणि चारचौघांत हसताही आलं पाहिजे, हे तिचं काम. माणसं तिला क्वचितच दिसत, जबडे दिसत. रस्त्यात कुणी अनोळखी तोंडभर हसलं की ती मान वळवून बघे आणि मनात म्हणे, ही आपली.

बुद्धिबळही तिचं तसंच, माणसाशिवाय. तरुणपणी एकदा ती दादाच्या क्लबात गेली होती. तिथे पटाकडे कमी आणि तिच्याकडे जास्त बघत होते सगळे. तिला डाव हवा होता, प्रेक्षक नको होते. मग तिनं पत्रानं खेळायला सुरुवात केली. आपली चाल पोस्टकार्डावर लिहायची, पेटीत टाकायची आणि उत्तराची वाट बघत बसायची. कार्ड जायला आठवडे, यायला आठवडे. एकेक डाव तीन-चार वर्षं चालायचा. नियम साधा आणि निर्दय होता: कार्डावर लिहिली ती चाल झाली. पेटीत पडल्यावर रडून उपयोग नाही.

चालू असलेला प्रत्येक डाव तिच्या खोलीतल्या फळीवर मांडलेला असे, छोट्या छोट्या पटांवर. कधीतरी एका घोड्याचा कान तुटला तेव्हा तिनं कवळीच्या हिरड्यांचा मसाला लावून नवा कान केला होता, चांगला गुलाबीगार. फळीला हात लावायचा नाही, एवढीच तिची घरात अट होती.

पहिल्या स्पर्धेत ती शेवटून दुसरी आली. पुढच्या स्पर्धेत मधे कुठेतरी. मग एक जिंकली, मग बाहेरदेशीच्यांबरोबर खेळून आणखी एक. मास्टर हा किताब घरी आला तोही टपालानंच. वहिनीनं तो विजेच्या बिलांबरोबर फायलीला लावून टाकला.

आणि आता ही शेवटची मोठी स्पर्धा. बाकी सगळे डाव संपले होते. उरला होता एक, आणि ग्रँडमास्टरला कमी पडत होता अर्धा गुण. म्हणजे या एका डावात बरोबरी झाली तरी पुरे. समोर होते एक निवृत्त गृहस्थ, समुद्राचे नकाशे काढण्यात जन्म गेलेले. किरट्या अक्षरात चाल लिहीत आणि खाली आपल्या गुडघेदुखीची एक ओळ. तिला ते भारी अवघड जात होते.

तेवढ्यात दादाच्या साहेबांच्या घरचे भेटायला येणार असं ठरलं, आणि वहिनीच्या अंगात आलं. पडदे धुतले, पंखे पुसले. कवळीताई दवाखान्यात असताना फळीवरूनही फडकं फिरलं.

संध्याकाळी कवळीताई घरी आली, पटासमोर बसली आणि कितीतरी दिवस न सुटलेली गाठ तिला एकदम सुटलेली दिसली. गुलाबी कानाचा घोडा थेट शत्रूच्या गोटात टाकायचा. मागे हत्तीचा जोर आहे, काय बिशाद कुणाची हात लावायची. एरवी चाल लिहिण्याआधी ती जुनी कार्डं काढून पट ताडून बघे. त्या दिवशी आनंदात राहूनच गेलं. सकाळी कार्ड पेटीत पडलं.

रात्री जेवताना वहिनी म्हणाली, "वन्सं, तुमची फळी कशी लख्ख दिसतेय बघितलंत का? एक हत्ती तेवढा लवंडला होता, पण लगेच उचलून होता तिथे ठेवला हो."

कवळीताईचा घास हातातच राहिला. "कुठे ठेवलात?"

"होता तिथेच. कडेला."

"वहिनी, तो कडेला नव्हता. कडेच्या शेजारच्या घरात होता."

"अगंबाई," वहिनी म्हणाली. "पण एकाच घराचं तर अंतर."

दादानं कपाळावर हात मारला. त्याला कळलं होतं. हत्ती कडेला नसेल तर घोड्याच्या पाठीशी कुणी नाही. घोडा फुकट गेला आणि घोड्याबरोबर डाव.

"छोटे, दुसरं कार्ड टाक," तो म्हणाला. "लिही की नजरचूक झाली, ही चाल धरू नका. म्हातारा भला माणूस दिसतोय."

"भला आहे म्हणून त्याच्या डोक्यावर बसू?"

"अगं, आयुष्यभराची मेहनत आहे."

"मग आयुष्यभर जो नियम पाळला तो आत्ता मोडू? तू क्लबात मोहरा उचलून परत ठेवतोस का?"

दादा ठेवायचा. त्यानं भाताचं भांडं पुढे ओढलं.

वहिनीनं पुढचे कित्येक दिवस घरात कशालाच फडकं लावलं नाही. टेबलावर बोटानं नाव लिहिता येईल इतकी धूळ साचली. शेवटी कवळीताईच म्हणाली, "वहिनी, पट ताडून बघायचं काम माझं होतं, तुमचं नव्हे. आता पुसा बाई, शिंका येतात." आणि ती कामाला लागली. म्हणजे घोडा गेला असं धरून पुढे कसं तग धरायचं ते शोधत बसली. दवाखान्यात मेण तापवताना, प्लास्टर वाळण्याची वाट बघताना डोक्यात तेच. कुठेही धड वाट नव्हती.

पोस्टमननं कार्ड आणलं तेव्हा तिनं ते आधी दारातच उपडं धरलं. मग वाचलं. मग पायरीवर बसून पुन्हा वाचलं.

नकाशेवाल्यांनी घोडा मारला नव्हता. राजा एक घर मागे घेतला होता. खाली लिहिलं होतं, "तुमचा घोडा मी घेणार नाही. इतक्या वर्षांत तुम्ही मला एक प्यादंसुद्धा फुकट दिलेलं नाही. सापळा कुठे आहे ते पुष्कळ शोधलं, सापडला नाही, म्हणजे तो फारच खोल असणार. गुडघे बरे आहेत."

दादा कार्ड वाचून इतका हसला की त्याला ठसका लागला. "तुझ्या नावालाच घाबरला गं तो."

घाबरला खरा, आणि त्या घाबरण्यात त्याची एक चाल वाया गेली. कवळीताईनं हत्ती घोड्यामागे आणून उभा केला. आता हत्ती खरोखरच तिथे होता. पुढच्या काही कार्डांत पारडं फिरलं आणि एके दिवशी नकाशेवाल्यांचं कार्ड आलं: बरोबरी मान्य करता का?

घरात आनंदीआनंद झाला. दादा तर पेन उघडूनच उभा. "लिही, मान्य. झालीस तू ग्रँडमास्टर."

"नाही लिहिणार."

"डोकं फिरलंय का तुझं?"

"माझं वरचढ आहे, दादा. शोधलं तर जिंकता येईल."

"आणि चुकलीस तर? हातातलं जाईल."

"जाऊ दे. पण वहिनीच्या फडक्यानं ग्रँडमास्टर झाले, हे मला जन्मभर ऐकायचं नाही. तेही तुझ्या तोंडून."

वहिनी इतका वेळ दाराशी उभी होती. ती म्हणाली, "वन्सं बरोबर बोलतायत. हे खरंच ऐकवतील." आणि दादाच्या हातातलं पेन तिनं काढून घेतलं.

त्यानंतर एकही कार्ड न ताडता गेलं नाही. चाल लिहायच्या आधी वहिनी जुनी कार्डं वाचायची आणि कवळीताई एकेक मोहरा बोटानं दाखवायची. वर्षभरात वहिनीला हत्ती कसा चालतो ते कळलं, मग उंट, मग तर ती दादाला क्लबातून आल्यावर विचारू लागली, "आज वजीर कितव्या चालीला घालवलात?"

शेवटचा घाव गुलाबी कानाच्या घोड्यानंच घातला. राजाला शह आणि त्याच उडीत वजिरावर डोळा. नकाशेवाल्यांनी डाव सोडल्याचं कार्ड आलं, त्यावर गुडघ्यांचा उल्लेखच नव्हता. फक्त "ग्रँडमास्टर, अभिनंदन" आणि खाली एक प्रश्न: "तो घोडा मी मारला असता तर काय झालं असतं? तेवढं सांगा, झोप येत नाही."

कवळीताईनं कार्ड घेतलं आणि खरं ते लिहिलं. "मी हरले असते. तो घोडा माझ्या वहिनीच्या फडक्यानं पुढे टाकला होता. त्यानंतरच्या चाली माझ्या."

किताबाचा कागद आला तेव्हा वहिनीनं आधी बिलांच्या फायलीतला जुना काढला आणि दोन्हींना काचेच्या चौकटी करवून आणल्या. डॉक्टरांनी दवाखान्यात खुर्चीवर तोंड उघडून बसलेल्या प्रत्येकाला ही बातमी सांगितली. त्या बिचाऱ्यांना काही बोलता येत नव्हतं, पण मागच्या खोलीच्या दाराकडे बघून ते मान हलवत. काही जण कवळी बसवून झाल्यावर आत डोकावून हसून गेले. कवळीताईनं नेहमीसारखे आधी दात बघितले, मग हसणं.

आणि दादानं क्लबात जाऊन छाती काढून सांगितलं, आमच्या घरात ग्रँडमास्टर आहे. कुणीतरी विचारलं, टपालखात्यातला का? दादानं त्याच्याशी तीन महिने बोलणं टाकलं.