डांबराच्या गोळ्या

आठवीचा पहिलाच धडा. विज्ञानाच्या बाई पर्समधून छोटी बाटली काढत, डांबराची गोळी चिमटीत धरत आणि विचारत, "ही कपाटात ठेवली तर सहा महिन्यांनी जाते कुठे?"

"उंदीर खातो!" मागच्या बाकावरून उत्तर येई.

मग बाई सांगत : बर्फाचं पाणी होतं, पाण्याची वाफ होते, ही मात्र पातळ होण्याच्या भानगडीतच पडत नाही. घनाची थेट वाफ. संप्लवन. लिहून घ्या.

हा धडा त्यांना पाठ असायचं कारण वडिलांच्या खाटेखाली होतं. तिथे एक निळी बॅग होती. अकरा वर्षांपूर्वी बाईंना परगावच्या शाळेत नोकरी लागली होती, राहायला स्वतंत्र खोलीसकट. बॅग भरून झाली, आणि निघायच्या आदल्या दिवशी वडील न्हाणीघरात पडले. "दोन महिन्यांचा तर प्रश्न आहे, ताई," भाऊ म्हणाला. तोवर कपड्यांना कसर नको, म्हणून बाईंनी बॅगेत चार गोळ्या टाकल्या.

दोन महिने कसले! वडील उठलेच नाहीत. दर वर्षी शाळा उघडली की बाई बॅग उघडत. गोळ्या उडून गेलेल्या, कपड्यांची घडीसुद्धा मोडलेली नाही. नव्या गोळ्या टाकायच्या, बॅग आत ढकलायची, येरे माझ्या मागल्या. भाऊ-वहिनी वाईट नव्हते, हेच वाईट होतं. भांडायला निमित्त तरी मिळालं असतं. "तुमच्याशिवाय आमचं पान हलत नाही हो," म्हणत वहिनी औषधाचा पेला हातात देई.

यंदा त्याच शाळेचं पत्र आलं. जागा पुन्हा रिकामी होती, आणि पुढच्या वर्षी बाई वयात बसणार नव्हत्या. त्यांनी होकार लिहिला, पाकिटावर तिकीट चिकटवलं, पाकीट पर्समध्ये ठेवलं. बॅगेसाठी गोळ्या आणल्याच नाहीत.

सकाळी शाळेला निघण्याआधी त्या वडिलांना चमच्याने दूध पाजत होत्या. वडील आताशा फारसं बोलत नसत.

"यंदा वास नाही आला," ते म्हणाले.

"कसला, बाबा?"

"गोळ्यांचा. तो आला की मला कळायचं, तू राहिलीस. मग झोप लागायची." त्यांनी बाईंचं मनगट धरलं. "चार दिवस डोळ्याला डोळा नाही गं."

बाईंना भयंकर संताप आला. अकरा वर्षं हा माणूस वास घेत पडला होता, आणि आपण समजत होतो, बॅगेचं कुणाला ठाऊक नाही! हात झटकून ओरडावंसं वाटलं. पण वडिलांनी मनगट सोडलं नव्हतं.

"विसरले, बाबा. टाकते."

त्यांनी पर्समधली बाटली काढली, खाली वाकल्या आणि वर्गात दाखवायची ती एकुलती गोळी बॅगेत टाकली. थोड्याच वेळात वडील घोरू लागले.

बाईंनी पाकीट बाहेर काढलं. वडिलांच्या पेल्यात घोटभर पाणी उरलं होतं. तिकीट न फाटता सुटावं म्हणून त्यांनी पाकिटाचा कोपरा त्यात बुडवून धरला.