छबुबाईची धुरी

पालीत बाळ जन्मलं की पेढ्यांच्या आधी छबुबाईला निरोप जायचा. बाळाला न्हाऊ घालावं तिनंच आणि धुरी द्यावी तीही तिनंच. शेगडीत गोवरीचा विस्तव, त्यावर ओवा नि लसणाची टरफलं पडली की खोलीत सासू कोण आणि बाळंतीण कोण, ओळखू येत नसे. बाईची हौसच दांडगी.

स्वतःला खोकला झाला तेव्हा तिनं स्वतःलाही धुरी दिली. खोकला वाढला, तिनं ओवा वाढवला. नात अपेक्षा खोकू लागली, तशी शेगडी दोन्ही वेळा पेटू लागली. आजीनं ठसका दिला की नात साथ धरी. शेजारी म्हणत, यांच्याकडं भजन बसलंय. पण पोरीची छाती शिट्टी वाजवू लागली, तेव्हा सून रोहिणी तिला घेऊन शिरूर कासारला माहेरी गेली आणि तिथून फोन आला.

"आत्याबाई, हितं ती खोकतच न्हाई. हितल्याच शाळंत घालते तिला."

छबुबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. नातीवाचून घर खायला उठलं होतं, ते वेगळंच. "शिरूरला काय अमृत हाय व्हय? बघतेच," म्हणत ती एसटीत बसली.

आणि शिरूरला तिचाही खोकला पळाला की! तिनं विहीण वत्सलाबाईंबरोबर फुगडी घातली, नातीबरोबर लंगडी खेळली, वर जिंकलीही. एवढ्या पाहुणचाराची परतफेड म्हणून एका सकाळी तिनं विहिणीच्या घरात धुरी पेटवली. घटकाभरात वत्सलाबाई अंगणात, म्हैस दावं तोडून रस्त्यावर, आणि आजी-नात दवाखान्यात.

"आजी, हा अ‍ॅलर्जीचा खोकला," डॉक्टर म्हणाले. "धूर, धूळ लागली की तुमच्या श्वासनळ्या आतून सुजतात, कफ धरतात. लेकरांच्या नळ्या मुळातच बारीक, त्यांना जास्त त्रास. हा एकाचा दुसऱ्याला लागत नाही, पण घराण्यात असू शकतो. श्वासाबरोबर औषध ओढायचा पंप देतो, सांगतो तसा घ्या. सवय लागेल म्हणून भिऊ नका. घरातला धूर मात्र बंद."

"म्हंजी मीच समद्यास्नी खोकला वाढत बसलेते?" छबुबाईला आधी हसू आलं, मग रडू, मग दोन्ही एकदम.

पालीला येऊन तिनं शेगडी मोडीत घातली, गोधड्या उन्हात टाकल्या आणि घरोघर सांगितलं, न्हाऊ घालीन, धुरी देणार न्हाई. म्हातारी आळसावली, असं काहीजणी म्हणाल्या. तिनं म्हणू दिलं.

मग रोहिणी पोरीला घेऊन आली, पिशवीत तिचे दोनच फ्रॉक. "बघू चार दिस," एवढंच बोलली. छबुबाईचा जीव टांगणीला. त्या चार दिवसांत अपेक्षा बिंदुसरेच्या धरणापर्यंत पळाली, परत आली, पुन्हा पळाली. मागं लुगडं सावरत आजी. दोघी धापा टाकत होत्या, हसत होत्या, पण छातीत शिट्टी नव्हती.

पाचव्या सकाळी रोहिणीनं आईला फोन लावला. छबुबाई दाराआड श्वास रोखून उभी.

"आई, पोरीचे राहिलेले कपडे धाडून दे," रोहिणी म्हणाली. "दप्तरबी."