रिकाम्या खुर्चीचे दोन दावेदार

एक रिकामी जागा आणि तिच्यावर हक्क सांगणारी दोन माणसं असली, की हापिसात फायलींपेक्षा किस्से जास्त साठतात. उस्मानाबादच्या आमच्या शाळाखात्याच्या कचेरीत तर हेडक्लार्कचीच जागा रिकामी होती!

करीमसाहेब कळंबचे, निजामाच्या अमलातले जुने कारकून. उर्दू अक्षर मोत्यासारखं, मराठी मात्र अडखळत. नानाराव बार्शीकडचे, राज्यांची नवी मांडणी झाल्यावर इकडं बदलून आलेले, खात्याची परीक्षा पास. निजामाकडची नोकरी सीनियॉरिटीत किती धरायची, यावरून दोघांचं भांडण पार वरपर्यंत गेलेलं. मी तेव्हा नवा ज्युनियर. माझं टेबल बरोबर दोघांच्या मधे!

*

एकदा करीमसाहेबांनी नानारावांविरुद्ध मराठीत अर्ज लिहिला आणि तपासायला नेऊन दिला. कुणाकडं? नानारावांकडंच!

नानारावांनी ऱ्हस्व-दीर्घ सुधारलं. मग म्हणाले, "साहेब, इथं 'गैरसोय' काय लिहिता? 'घोर अन्याय' लिहा. जोर येतो!"

"पण तुम्ही कुठं माझ्यावर घोर अन्याय केला?"

"नाही केला हो. अर्जात असंच लिहायचं असतं!"

*

हेडक्लार्कच्या खुर्चीवर दोघंही बसत नसत. उन्हाळ्यात दगडू शिपायानं तिच्यावर पाण्याचा माठ ठेवून दिला. तपासणीला आलेले साहेब बघतच राहिले. "हे काय?"

दगडू म्हणाला, "सध्या ह्योच सीनियर हाय, साहेब. ह्याच्याबद्दल कुणाची तक्रार न्हाय!"

*

सुनावणी निघाली औरंगाबादला. एकमेकांविरुद्ध बोलायला दोघं एकाच एसटीनं निघाले, तेही शेजारी बसून! फायली सांभाळायला मी. रमजान चालू होता. बीडला गाडी थांबली, तरी नानारावांनी डबा काही उघडला नाही.

"जेवा की," करीमसाहेब म्हणाले. "माझं काही नाही."

"वा! तुम्ही उपाशी आणि मी जेवून ताजातवाना. मग सुनावणी बरोबरीची कशी व्हायची?"

*

सुनावणीत करीमसाहेबांच्या नोकरीची जुनी उर्दू नोंद निघाली. अधिकाऱ्यांना उर्दू येईना. म्हणाले, "तुम्हीच वाचा."

करीमसाहेबांनी मोठ्यानं वाचलं. आई आजारी होती म्हणून मधे नोकरी सोडली होती, तेही वाचलं! तिथंच त्यांची सीनियॉरिटी घसरली.

बाहेर येताच नानाराव चिडले. "अहो, ती ओळ गाळायची की! कुणाला कळणार होतं?"

"अम्मीजवळ होतो मी तेव्हा," करीमसाहेब म्हणाले. "ते कशाला लपवू?"

परतीच्या गाडीत नानाराव खिडकीबाहेरच बघत होते.

*

ऑर्डर नानारावांची आली. करीमसाहेबांना रिटायर व्हायला थोडेच महिने उरलेले. नानारावांनी गुपचूप अर्ज दिला : 'घरगुती अडचणीमुळे बढती स्वीकारता येत नाही.' म्हणजे मग नंबर करीमसाहेबांचाच.

पण असल्या अर्जांवर शेरा मारायचं काम करीमसाहेबांकडं! त्यांनी अर्ज वाचला. हापीस सुटल्यावर टोपी घातली आणि मला घेऊन थेट नानारावांचं घर गाठलं. नानाराव बाजारात गेले होते.

"वहिनी, घरी काय अडचण आहे?"

"अडचण? सगळं बरं आहे की! बसा, चहा टाकते."

आम्ही चहा घेतला. करीमसाहेबांनी वहिनींना दोन-दोनदा विचारलं. पोरांच्या तब्येती विचारल्या, म्हातारीचे गुडघे विचारले. सगळं ठीक.

दुसऱ्या दिवशी अर्जावर शेरा पडला : 'समक्ष चौकशी केली. घरी कसलीही अडचण आढळली नाही. अर्ज नामंजूर व्हावा.' खाली मोठ्या साहेबांनी सही केली.

नानाराव हेडक्लार्क झाले. आणि पुढं कितीतरी दिवस करीमसाहेबांशी बोलले नाहीत!