देवाच्या वतीनं खुलासा द्यायला आलेले

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात मी पडलो तो देवाचंच काम करताना पडलो, हे आधी सांगून टाकतो. दारू पिऊन नाही, भांडणात नाही, कोणाच्या संत्र्याच्या बागेत शिरून नाही. नाताळचा तारा लावत होतो. बांबूच्या कामट्यांचा, लाल कागदाचा. दरवर्षी मी स्वतः करतो. शिडीच्या सहाव्या पायरीवरून स्लॅबच्या हुकाला दोरी अडकवत होतो आणि पुढच्या क्षणी अंगणात उताणा. ताऱ्याला ओरखडाही नाही. माझा पाय मात्र घोट्याच्या वर मोडला. अमरावतीच्या हाडाच्या डॉक्टरनं फोटो बघून "सहा आठवडे" म्हटलं, आणि प्लास्टर घालून मला घरी पाठवलं.

पण पाय हा लहान विषय होता. मोठा विषय माझी बायको.

माझी बायको प्रार्थनेची बाई. म्हणजे रविवारी चर्चमध्ये जाऊन डोळे मिटणारी नाही, तसे तर सगळेच मिटतात, काही जण घोरतातही. हिची प्रार्थना दिवसभर चालू. गॅसचं सिलिंडर बदललं की प्रार्थना. मिक्सर घरघरला की प्रार्थना. मी स्कूटर सुरू करायला लागलो की ही दारात हात जोडून, डोळे मिटून उभी, आणि ती संपेपर्यंत मी गिअर टाकायचा नाही. जेवणाआधीची प्रार्थना तर इतकी लांब, की त्यात आमचे नातेवाईक, शेजारी, सरकार, चांदूर रेल्वेची तिची मावशी आणि मावशीची म्हैस असे सगळे येऊन जायचे. तोवर भाकरी वातड. तीस वर्षं मी यावर कुरकुर केली आहे. "अवं, देवाले मावशीचा पत्ता पाठ झाला असंन आता," असं म्हणायचो. ती म्हणायची, "तुमी गप ऱ्हा. माहं अन् त्याचं चालू आहे."

मी पडलो त्या दिवसापासून तिची प्रार्थना बंद. एकदम बंद. संध्याकाळी ताट समोर ठेवलं, मी सवयीनं डोळे मिटले, आणि बघतो तर ही भात कालवून राहिली. चार दिवस झाले, आठ झाले. तीस वर्षांत पहिल्यांदा मला जेवण गरम मिळायला लागलं आणि घशाखाली उतरेना. विचारलं तर म्हणे, "काही नाई. बोलावं वाटत नाई त्याच्याशी."

मी घाबरलो. मोडलेल्या पायाला नाही इतका घाबरलो. मला वाटलं, नवरा पडला म्हणून ही देवावर रुसली. आता रुसलेल्या माणसाची समजूत घालायची, तर दुसऱ्या बाजूचं म्हणणं कोणीतरी नीट मांडायला पाहिजे. मी शाळेतला निवृत्त प्रयोगशाळा सहायक. आयुष्यभर परीक्षानळ्या धुतल्या. देवाची बाजू मला काय मांडता येणार? म्हणून मी पलंगावरूनच चर्चमध्ये निरोप धाडला, की आमच्याकडे घरसभा ठेवा.

आमच्यात कोणी आजारी पडलं की घरसभा होते. माणसं येतात, दोन गायनं म्हणतात, प्रार्थना करतात, चहा-चिवडा घेतात. आणि जाताना प्रत्येक जण आजाऱ्याला सांगून जातो, की देवानं हे का होऊ दिलं. हे कोणी नेमून दिलेलं नाही. पण नळाची तोटी गळली की जसा प्रत्येकाला वायसर माहीत असतो, तसं हेही प्रत्येकाला माहीत असतं.

आमच्या घरसभेत पहिले बोलले चर्चच्या पंचायतीतले एक वडीलधारे सभासद, निवृत्त हेडमास्तर. खुर्ची माझ्या पायाशी ओढून ते म्हणाले, "देव शिस्त लावतो. एखादं लपून ठेवलेलं पाप असंन तर आठवा." मी आठवायला लागलो. आता साठीच्या माणसाला आठव म्हटलं की काय, रांगच लागते. पण मोठी पापं सांगायची लाज वाटली, म्हणून मी त्यातल्या त्यात एक लहान काढलं. म्हटलं, "यंदा कापणीच्या सणाले मी देवापुढे वांगे ठेवले होते. चांगले घरी ठेवले अन् किडके पिशवीत भरून देवाले दिले."

हेडमास्तरांनी प्लास्टरवरची नजर माझ्या तोंडाकडे वळवली.

"उपासनेनंतरच्या लिलावात ते वांगे मीच घेतले होते," ते म्हणाले.

मला शिक्षा झाली याचं समाधान त्यांच्या चेहऱ्यावर स्पष्ट दिसत होतं. मी बायकोकडे बघितलं, हसते का म्हणून. ती कपबश्या गोळा करून आत निघून गेली.

दुसऱ्या दिवशी महिला मंडळातली एक बाई आली. ती म्हणाली, "देवानं तुमाले मोठ्या संकटातून वाचवलं. पाय मोडला नसता, अन् तुमी त्या दिवशी तिवस्याले गेले असते, अन् रस्त्यात ट्रकनं उडवलं असतं तं?"

"बाई, मी तिवस्याले जाणारच नव्हतो."

"पाहा!" ती टाळी वाजवून म्हणाली. "त्यानं तुमच्या मनातच येऊ दिलं नाई!"

मी चिवडा खाल्ला.

मग शनिवारी अकोल्याहून माझा मेहुणा आला, बायकोचा भाऊ. याच्यावर माझी मोठी भिस्त होती, कारण हा अकोल्याच्या चर्चमध्ये तरुण संघाला शिकवतो आणि दर वाक्यात एक बोट वर करतो. आल्या आल्या त्यानं बॅग ठेवली, भज्यांची ताटली मांडीवर घेतली आणि सुरुवात केली. "भाऊजी, देवानं माणसाले रोबोट नाई बनवलं. मर्जी देली. शिडीवर चढाची मर्जी कोनाची? तुमची. तो काहून मधात पडंन?"

"चढाची माही होती, कबूल," मी म्हटलं. "पण उतराची नव्हती ना, बाप्पा!"

"तेच तं! चढलं का उतरणं आलंच. देवानं दर येळेस हात लावून झेललं, तं माणूस शिडी नीट लावाले शिकंनच नाई. आमच्या अकोल्यात लोक आधी शिडी हालवून पाह्यतात. तुमी अमरावतीवाले..."

इथून पुढे चर्चा देवावरून अकोला विरुद्ध अमरावती या जुन्या वळणावर गेली आणि भजे संपेपर्यंत तिथंच राहिली. बायकोनं भावाला डबा बांधून दिला. पण नेहमी दारापर्यंत जाऊन त्याच्यासाठी प्रवासाची प्रार्थना करायची, ती केली नाही. तोही चमकला. जाताना मला हळूच विचारलं, "ताईले काय झालं?" म्हणजे ज्याला समजावायला बोलावलं, तोच मला विचारून गेला.

शेवटी आमच्या चर्चचे धर्मगुरू, पाळकसाहेब आले. मी चिडलेलोच होतो. म्हटलं, "साहेब, आतापर्यंत तीन खुलासे आले अन् तिन्हीचा एकमेकांशी मेळ नाई. तुमी पगारी मानूस आहा. तुमी सांगा, त्यानं होऊ का दिलं?"

पाळकसाहेब चहात बिस्कीट बुडवत म्हणाले, "मले नाई माहीत. खरंच नाई माहीत. एवढं माहीत आहे, का तो दूर खुर्चीवर बसून पाह्यत नाई. वधस्तंभावर तो सोता होता. आपल्या दुखण्यात तो आपल्या संग असते."

"संग होता तं शिडी धराची ना त्यानं!" मी ओरडलो. पाळकसाहेबांचं बिस्कीट कपात पडलं. आणि आतून भांडं पडल्याचा आवाज आला. मला वाटलं मांजर. एवढा शहाणा मी.

दुसऱ्या दिवशी सकाळी आमची भाजीवाली आली. कित्येक वर्षांची ओळख. डोक्यावरची टोपली उतरवून ती पायरीवर बसते, चहा घेते, मग भाव करते. मी वऱ्हांड्यात खुर्चीवर पाय लांब करून बसलो होतो आणि बायको तिच्यासमोर मेथीच्या जुड्या बघत होती. भाजीवाली आमच्या धर्माची नाही, तिला घरसभेचं बोलावणं नव्हतं. तिनं माझ्या पायाकडे बघितलं आणि जे आठ-दहा शिकलेल्या माणसांनी विचारलं नव्हतं ते विचारलं.

"शिडी कोनं धरली होती?"

बायकोचे हात मेथीतच थांबले.

"म्या," ती म्हणाली.

"मंग?"

"सोडली."

"काहून वं?"

"हात जोडले," बायको म्हणाली. "याइचा पाय थरथरून राह्यला होता. मले भेव वाटलं. म्हनून म्या डोये मिटले, हात जोडले, अन् म्हटलं, देवा, याइले पडू देऊ नको. आमेन म्हनाच्या आधी धाडकन आवाज आला."

भाजीवाली जी हसली, जी हसली, टोपलीतली वांगी घरंगळली. आणि मीही हसलो. देवाशपथ, मला आवरलंच नाही. मी समजत होतो धरलेली शिडी सरकली, आणि हिनं तर मी पडू नये म्हणून प्रार्थना करायला ती सोडली होती! खुर्ची हलली, प्लास्टर हललं, डोळ्यांत पाणी आलं. मी म्हटलं, "अवं, मंग घरसभा माह्यासाठी कायले, तुह्यासाठी ठेवाची होती!"

ती हसत नव्हती. पदर तोंडाला लावून ती रडत होती, आवाज न करता, खांदे हलवत. हसू माझ्या तोंडावरच राहिलं. इतके दिवस माणसं येत होती, देवानं शिडी का सरकू दिली ते सांगत होती, मी विनोद करत होतो, आणि ही आत कपबश्या विसळत एकेक शब्द अंगावर घेत होती. काल आत पडलेलं भांडं तिच्या हातातून पडलं होतं. मला स्वतःची इतकी लाज वाटली, की उठून आत जावं वाटलं, पण उठता येत नव्हतं.

"म्या सोडली, ते माही चूक," ती म्हणाली. "पण म्या त्याच्या भरोशावर सोडली ना? म्या हात काढले तं त्यानं लावाले पाह्यजे होते. तीस वर्षं मी बोलून राह्यली त्याच्याशी. एवढं तं आयकाचं!"

हेडमास्तर, ट्रक, मर्जी, सगळं मी डोक्यातून फिरवून बघितलं. तिच्यासमोर ठेवण्यासारखं एकही नव्हतं. भाजीवाली वांगी गोळा करत म्हणाली, "बाई, मी बी देवाले म्हनते, माही टोपली सांभाळ. पण गाय आली का मीच हाकलते." बायकोनं मान हलवली. भाजीवालीनं त्या दिवशी मेथीची एक जुडी जास्त ठेवली आणि गेली.

नाताळ आला. जेवणाआधी मीच प्रार्थना केली, चार शब्दांत. मावशीची म्हैस राहून गेली. बायको डोळे उघडे ठेवून बसली होती. मी तिला एका शब्दानं टोकलं नाही. मनात मात्र मी देवाला म्हणालो, की तुला काही सांगायचं असेल तर आता तूच सांग, मी आता कोणाला बोलावणार नाही.

जानेवारीत प्लास्टर काढलं. पाय असा बारीक आणि पांढरा झाला होता, की मलाच तो कोणा दुसऱ्याचा वाटला. रिक्षा फाटकाशी थांबली. फाटकापासून वऱ्हांड्यातल्या खुर्चीपर्यंत वीस पावलं, मध्ये दोन पायऱ्या. डॉक्टरनं काठी दिली होती. बायकोनं माझा दंड दोन्ही हातांनी धरला, असा की बोटं रुतली.

पहिल्या पायरीशी माझा पाय लटपटला. मला खरंच भीती वाटली. मी म्हटलं, "प्रार्थना कर ना वं उलीशी."

"आधी तुमी पोचा," ती म्हणाली. "खाली पाहून चाला."

पोचलो. खुर्चीत बसलो. घामाघूम. ती बाजूला उभी, माझा दंड अजून धरलेला. मला वाटलं आता सोडेल आणि पाणी आणायला जाईल. पण तिनं समोर अंगणात बघत, डोळे टक्क उघडे ठेवून, नळावरच्या बाईशी बोलावं तशा आवाजात बोलायला सुरुवात केली.

"पाह्यलं ना? आले घरी. म्या तुले सांगतलं होतं याइले सांभाळ, तू सांभाळलं नाई. काहून, ते तुले ठाऊक. हे सारे तुह्या बाजूनं बोलून गेले, मले एकाचंही पटलं नाई. तू सोता काही बोलला नाई. माहा राग गेला नाई, हे आयकून घे. पण दीड महिना झाला, तुह्याशी बोलल्याबिगर मले करमतच नाई."

मी डोळे मिटून आमेनची वाट बघत होतो. आमेन आलं नाही. ती तशीच पुढे मावशीच्या तब्येतीवर गेली. माझा दंड चांगलाच दुखायला लागला होता, पण मी तिला सोड म्हटलं नाही.