राग म्हणजे गाणं

साहेबांनी माझ्या यादीतल्या सहापैकी चार पुस्तकांवर तांबड्या शाईनं रेघा मारल्या आणि कागद माझ्याकडे सरकवला.

"दाते, ही गणिताची पुस्तकं काढून टाका. मास्तर लोक घाबरतात."

"साहेब, पण विषयच गणिताचा आहे."

"विषय मानसशास्त्राचा आहे. आपल्याला मुलांची बुद्धी मोजायची आहे, शेताचं क्षेत्रफळ नाही."

ही ग्वाल्हेर संस्थानातली गोष्ट, स्वातंत्र्याच्या काही वर्षं आधीची. मी लष्करात, म्हणजे किल्ल्याच्या दक्षिणेच्या आमच्या शहरात, कॉलेजात गणित शिकवत असे. साहेब म्हणजे शिक्षण खात्यातले एक बडे इन्स्पेक्टर. त्यांचं नाव लिहीत नाही. नातवंडं आजही सराफ्यात भेटतात आणि वाकून नमस्कार करतात. त्यांचा काय दोष?

त्या वर्षी खात्यात बुद्धिमापनाचं वारं शिरलं होतं. पंचवीस प्रश्नांचा, पाऊण तासाचा कागद मुलांना द्यायचा, मार्क मोजायचे आणि कोण हुशार, कोण मंद ते ठरवायचं. त्यासाठी शिक्षकांना तयार करायचं होतं, आणि शिक्षकांनी आधी काय वाचावं याची यादी करायचं काम माझ्याकडे आलं. मी खूश झालो होतो. मानसशास्त्रात गणित कसं वापरतात हे मी हौसेनं, स्वतःच्या खर्चानं पुस्तकं मागवून वाचलं होतं. गावात दुसऱ्या कोणाला त्यात रस नव्हता.

यादी मी विचार करून लावली होती. आधी सरासरीचं पुस्तक. मग सरासरीपासून मुलं किती लांब-लांब पसरलेली असतात ते सांगणारं, कारण नुसत्या सरासरीनं काहीच कळत नाही. घोटाभर पाणी आणि पुरुषभर पाणी यांची सरासरी कमरेएवढी येते, म्हणून कोणी पोरासोरांना नदीत उतरवत नाही. तिसरं, दोन गोष्टी एकमेकींबरोबर किती वाढतात-घटतात ते मोजण्याचं. आणि चौथं सगळ्यांत महत्त्वाचं: मुलांची परीक्षा घेण्याआधी प्रश्नांची परीक्षा कशी घ्यायची याचं. नेमकी हीच चार गेली. राहिली दोन. एकात तयार प्रश्न होते, दुसऱ्यात बुद्धीविषयी गोड-गोड निबंध.

मी तेव्हाच भांडायला हवं होतं. नाही भांडलो. "बरं, साहेब" म्हणून घरी आलो.

प्रश्नांचा कागद साहेबांनी स्वतः केला. इंग्रजी पुस्तकातले प्रश्न घेऊन, दरबारची भाषा हिंदी म्हणून, हिंदीत उतरवले. साहेबांचा जन्म लष्करातला, पण घर, शेजार, मित्रमंडळ सगळं मराठी. हिंदी ते टांगेवाल्याशी बोलत, तेवढीच. माझंही फार वेगळं नव्हतं. कागद माझ्याकडे तपासायला आला. मी पाहिलं, मार्कांची बेरीज बरोबर होती, बरोबर उत्तरांचा तक्ता सोबत जोडला होता. मी खाली सही केली. ती सही लक्षात ठेवा.

मग तो कागद शाळाशाळांतून फिरला. लष्करातल्या मराठी मुलांच्या शाळेत सगळ्यांत आधी दिला, आणि त्यांचे मार्क पाहून साहेबांनी रेघ आखली: पंधरा. पंधराच्या वरचा शहाणा, खालचा मंद. ही एका आळीची सरासरी साऱ्या शहराला लावायची नसते, हे खोडलेल्या पुस्तकांपैकी पहिल्याच पुस्तकात पहिल्या चाळीस पानांत लिहिलेलं आहे.

महिन्याभरानं रविवारी सकाळी दारात टांगा थांबला. उतरले ते पंडित रामदयालजी, हजीऱ्याच्या शाळेचे हेडमास्तर. हजीरा म्हणजे किल्ल्याच्या उत्तरेची जुनी वस्ती. विणकर, गिरणीवाले, छोटे दुकानदार. रामदयालजींची माझी ओळख नमस्कारापुरती. त्यांनी पागोटंसुद्धा सारखं केलं नाही, बगलेतलं उत्तरपत्रिकांचं गाठोडं माझ्या बैठकीवर आपटलं.

"प्रोफ़ेसर साहब, इस परचे पर आपके दस्तख़त हैं?"

"जी, हैं."

"तो आप ही बताइए. मेरे बच्चे पागल हैं या ये परचा?"

मग त्यांनी सांगितलं. त्यांची अख्खी चौथी मंद ठरली होती. पंधराच्या वर फक्त तीन. खात्याचं पत्र आलं होतं की हजीऱ्याच्या शाळेला मंजूर झालेला इंग्रजीचा वर्ग आता उघडण्याचं कारण नाही. या मुलांना हातकाम शिकवावं. त्या काळी पाचवीपासून इंग्रजी नाही म्हणजे हायस्कूल नाही, आणि हायस्कूल नाही म्हणजे बापाचा माग किंवा गिरणीचा भोंगा, तिसरी वाट नाही. तो वर्ग मिळावा म्हणून रामदयालजी अकरा वर्षं अर्ज करत होते.

"अकरा बरस, साहब," ते म्हणाले. "और आपने पौन घंटे में ख़तम कर दिया."

मी गाठोडं ठेवून घेतलं. तीन दिवस कॉलेजातून आलो की दुपारी तेच घेऊन बसायचो. जे केलं ते सोपं आहे, कोणालाही जमेल. सगळ्या उत्तरपत्रिका एकूण मार्कांप्रमाणे लावल्या. वरचा एक तृतीयांश गठ्ठा वेगळा, खालचा वेगळा. मग एक-एक प्रश्न घेऊन पाहायचं, वरच्या गठ्ठ्यात किती जणांना जमला, खालच्यात किती जणांना. प्रश्न चांगला असेल तर वरच्यांना जास्त जमतो. अवघड असेल तर दोघांनाही कमी. पण एखाद्या प्रश्नात हुशार मुलं धडाधड चुकत असतील आणि ढ मुलं अंदाजे खूण करून बरोबर येत असतील, तर खोट मुलांत नाही, प्रश्नात आहे.

असे सहा प्रश्न निघाले. सहाही शब्दांचे. आकडे सांगत होते की इथे काहीतरी कुजलं आहे, पण काय, ते मला दिसेना. मी ते प्रश्न चारदा वाचले. चारही वेळा मला उत्तर बरोबरच वाटलं.

बुधवारी रामदयालजी पुन्हा आले. मी म्हटलं, "पंडितजी, ये छह सवाल ज़रा ज़ोर से पढ़िए."

त्यांनी पहिला वाचला. "ख़ाली. उलटा शब्द चुनो: भरा, ऊपर, छोटा."

"ऊपर," मी म्हणालो.

त्यांनी कोपऱ्यातल्या लोट्याकडे बोट केलं. "ख़ाली का उलटा ऊपर? लोटा ख़ाली है, तो उलटा क्या? लोटा ऊपर है?"

हिंदीत ख़ाली म्हणजे रिकामा. मी मराठी खाली वाचत होतो. साहेबांनीही तेच केलं होतं. आणि लष्करातल्या शाळेतल्या मुलांनीही, म्हणून ती शहाणी ठरली होती.

पुढचे प्रश्न ते वाचत गेले तसा मी शरमेनं खाली-खाली जात होतो. चेष्टा म्हणजे काय? मुलांनी लिहिलं कोशिश. साहेबांच्या तक्त्यात थट्टा. संसार म्हणजे? मुलांनी लिहिलं दुनिया, तक्त्यात घर-गृहस्थी. ताई कोण? मुलांनी लिहिलं ताऊची बायको, म्हणजे थोरली काकू. तक्त्यात थोरली बहीण. शेवटचा शब्द वाचून रामदयालजी थांबले.

"राग," ते म्हणाले. "मिलता हुआ शब्द: क्रोध, गाना, रोना."

मोगल दरबारात गाजलेल्या गवयाची कबर ज्या वस्तीत आहे, जिथे उरुसाला रात्र-रात्र गाणं चालतं आणि पोरं आईच्या मांडीवर पेंगत ऐकतात, त्या हजीऱ्याच्या मुलांनी राग म्हणजे गाणं असं लिहिलं होतं. एकूण एक हुशार मुलानं. आणि आम्ही त्यावर फुली मारली होती.

लष्करातल्या शाळेच्या उत्तरपत्रिकाही आणवून, ते सहा प्रश्न वगळून मी पुन्हा मोजलं. हजीऱ्याची मुलं लष्करातल्या मुलांच्या बरोबरीनं उभी राहिली. काही पुढेच गेली.

दुसऱ्या दिवशी मी साहेबांच्या ऑफिसात गेलो. प्रश्न ज्यातून उतरवले होते ते बुद्धिमापनाचं पुस्तक त्यांच्या टेबलावर ऐटीत ठेवलेलं होतं. त्या काळी विलायती पुस्तकांची पानं कडेला जुळलेली यायची, वाचणारा चाकूनं कापत-कापत पुढे जायचा. मी बोलता-बोलता ते उचललं. प्रश्नांची पानं तेवढी कापलेली. ते प्रश्न कसे वापरू नयेत, हे सांगणारी मागची सगळी पानं जशीच्या तशी बंद. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली.

"साहेब, हे पुस्तक तुम्ही वाचलेलंच नाही."

"दाते, जपून बोला."

मी माझ्या मोजणीचा तक्ता पुढे केला. सहा शब्द दाखवले. साहेब मूर्ख नव्हते. राग या शब्दाशी आल्यावर त्यांचा चेहरा उतरला. क्षणभर मला वाटलं, हा माणूस आता चूक कबूल करणार.

"रिपोर्ट दरबारात गेला आहे," ते म्हणाले.

"परत मागवा."

"आणि काय सांगू? खात्याच्या इन्स्पेक्टरला हिंदी येत नाही?"

"चुकलं म्हणून सांगा. मुलांचा वर्ग जातोय, साहेब."

"पुढच्या वर्षी शब्द बदलू. तेव्हा मिळेल त्यांना वर्ग."

"या वर्षीची मुलं पुढच्या वर्षी चौथीत नसतील."

त्यांनी प्रश्नांचा कागद काढून खालची माझी सही दाखवली. "हा परचा तुम्ही तपासला होता. चौकशी झाली तर पहिलं नाव तुमचं येईल. विचार करा."

चोर सोडून संन्याशाला सुळी देतात तशी त्या मुलांना सुळी दिली होती, आणि चोरांत मीही होतो. एवढं कळूनही मी काय केलं? पानभर टिपण लिहिलं. वर पाठवलं. टिपणात ‘भाषांतरातील किरकोळ विसंगती’ असे शब्द घातले. किरकोळ! आज इतक्या वर्षांनी तो शब्द आठवला की स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटते. साहेबांचा राग येतोच, पण त्यांनी निदान आपली कातडी उघडउघड वाचवली. मी ती सभ्य मराठीत वाचवली.

टिपणाचा उपयोग झाला, म्हणजे खात्याच्या अर्थानं झाला. पुढच्या वर्षी सहा शब्द बदलले. हजीऱ्याला वर्षभरानं इंग्रजीचा वर्ग मिळाला, त्यात पुढची मुलं बसली. आधीच्या चौथीचा निकाल मात्र एकदा जाहीर झाला म्हणून बदलला नाही. वर हुकूम निघाला की या मुलांच्या शाळा सोडल्याच्या दाखल्यावर शेऱ्याच्या रकान्यात ‘मंदबुद्धि’ असं लिहावं.

रामदयालजींनी ते लिहिलं नाही. प्रत्येक दाखल्यावर, सुवाच्य अक्षरात, त्यांनी एकच शेरा लिहिला: ‘बालक ठीक. परचा ग़लत.’ खाली सही, तारीख, शाळेचा शिक्का. खात्यानं त्यांची बदली भिंडकडच्या एका खेड्यात केली. तिथूनच ते निवृत्त झाले.

मी गणिताचा प्रोफेसर म्हणून निवृत्त झालो. निरोप समारंभात हार घातले, भाषणं झाली. शिकवण्याच्या साऱ्या वर्षांतून मी विद्यार्थ्यांना एकच नियम नक्की देऊ शकतो: प्रश्न चुकला असेल तर उत्तरांची सरासरी काढू नये, आधी प्रश्नावर फुली मारावी. मला हे सिद्ध करायला तीन दुपारी लागल्या. आणि सिद्ध झाल्यावर, फुली मारायची वेळ आली तेव्हा, ती मारली हजीऱ्याच्या चौथीपर्यंतच्या शाळेच्या हेडमास्तरानं.