इम्म सुहैल गप्प बसत नाही

इम्म सुहैलला गप्प बसायला सांगणारे लोक आजवर बरेच होऊन गेले. पहिला तिचा नवरा. तो मीना गावच्या बंदरात होड्या बांधायचा आणि त्याला शांतता प्रिय होती, म्हणून तो बहुतेक वेळ होडीतच काढायचा. मग युद्धाच्या दिवसांत नाक्यावर उभा असलेला एक बंदूकवाला पोरगा. त्याला तिने विचारलं होतं, "तू इथे उभा आहेस, हे तुझ्या आईला माहीत आहे का?" पोरगा मान खाली घालून घरी गेला, असं ती सांगते. गल्लीतल्या जुन्या लोकांच्या मते तो फक्त पुढच्या नाक्यावर गेला. काही असो, जागा सोडली ती त्याने.

त्यामुळे तिची सून रुला स्वयंपाकघराच्या दारात उभी राहून म्हणाली, "खालतो, उद्यापासून जुमानशी फ्रेंचमध्ये बोला, नाहीतर बोलूच नका," तेव्हा इम्म सुहैलने हातातला कोवळा भोपळा कोरणं थांबवलंसुद्धा नाही. खालतो म्हणजे मावशी; आमच्याकडे सून सासूला असंच म्हणते.

"फ्रेंच मला येत नाही."

"म्हणूनच म्हणते."

"म्हणजे तोंड शिवून बस, असं म्हणतेस."

"तसं नाही म्हणाले मी."

"तसंच म्हणालीस. चांगलं स्वच्छ अरबीत म्हणालीस."

ज्या नातीवरून हे चाललं होतं ती टेबलाखाली बसून मांजराला भोपळ्याचा गर भरवत होती. मांजर खात नव्हतं. जुमान साडेतीन वर्षांची होती आणि नकार मनावर घेणारी नव्हती.

तिला शब्द येत नव्हते असं नाही. आमच्याकडे तान्ह्या मुलाला जे देतात ते सगळे तिच्यापाशी होते. पाणी हवं तर अंबू. खरचटलं तर वावा. नवा झगा दिसला की दह्ह. फिरायला जायचं तर तिश. खाऊ संपला की दोन्ही पंजे उघडून बह्ह. एवढ्या भांडवलावर आमच्या गावात माणूस दोन वर्षांचा होईपर्यंत सुखाने जगतो. काही पुरुष त्यापुढेही जगतात. पण जुमान त्यापुढे सरकेना. एका शब्दाशेजारी दुसरा ठेवायला ती तयार नव्हती. रुला रात्री फोनवर वाचत बसायची की या वयाच्या मुलांना किती शब्द यायला हवेत, आणि जे वाचायची त्याने तिला झोप लागायची नाही.

शेवटी तिला त्रिपोलीत वाचेच्या तज्ज्ञाकडे नेलं होतं. रुला गेली, तिचा नवरा, म्हणजे इम्म सुहैलचा मुलगा सुहैल गेला, आणि कोणी बोलावलं नसताना गाडीच्या पुढच्या सीटवर इम्म सुहैल बसून होती. तज्ज्ञ तरुण आणि गोड माणूस होता. त्याने वाकून जुमानला विचारलं, "तुझं नाव काय गं, अम्मो?"

अम्मो म्हणजे काका. आमच्याकडे मोठं माणूस लाडाने स्वतःचं नातं लहानाला देऊन टाकतं. आई लेकीला इम्मी म्हणजे आई म्हणते, आजी नातीला तेता म्हणजे आजी म्हणते, आणि अनोळखी पुरुष झगा घातलेल्या पोरीला काका म्हणतो. यात कोणालाच काही वावगं वाटत नाही.

जुमानने थोडा विचार केला आणि म्हणाली, "तेता."

सकाळपासून रात्रीपर्यंत तिला ज्या हाकेने बोलावलं जायचं ती तिने सांगितली. तज्ज्ञाने लिहून घेतलं की मुलीला स्वतःचं नाव माहीत नाही.

"सांगितलं की तिने नाव," इम्म सुहैल म्हणाली.

"ते तुमचं झालं, हज्जे," तो वडीलधाऱ्या बाईला म्हणतात तसं म्हणाला.

"आमच्या दोघींत एक आहे. पुरतं आम्हाला."

मग त्याने सल्ला दिला: मुलीच्या कानावर फार भाषा पडताहेत, घरात एकच ठेवा. हे वाक्य त्याने अरबीत सुरू केलं, मधला भाग फ्रेंचमधून नेला आणि शेवट इंग्रजीत केला. रुलाला ते पूर्ण पटलं.

एक म्हणजे कोणती, हे त्याने सांगितलं नव्हतं. रुलाने फ्रेंच ठरवली. तिला हसणं सोपं आहे, पण ती अक्कारच्या डोंगरातली. बेरूतच्या कॉलेजात तिने तोंड उघडलं की बाकीच्या मुली तिचे जाड उच्चार घोळवून घोळवून म्हणायच्या, म्हणून दोन वर्षं ती मागच्या बाकावर मुकी बसली होती. लेकीवर तीच वेळ यावी अशी तिची इच्छा नव्हती. शिवाय निघून जाणारी माणसं हीच आमच्या देशाची मुख्य निर्यात आहे, आणि त्या मालावर अरबी लेबल चालत नाही. अडचण एवढीच होती की रुला औषधांच्या दुकानात काम करायची आणि तिची बरीचशी फ्रेंच औषधांच्या खोक्यांवरून आलेली होती. हात लावू नकोस, जेवणानंतर, उन्हात ठेवू नये, हे तिला उत्तम यायचं. गोष्ट सांगायची वेळ आली की ती पोरीला चित्रांचं पुस्तक द्यायची.

इम्म सुहैलचं दुखणं वेगळं होतं. तिचा एक मुलगा सिडनीला, मुलगी माँट्रियलला. त्यांची मुलं रविवारी फोनच्या पडद्यावर येतात, "हाय तेता" म्हणतात, मग बराच वेळ दात दाखवतात, मग "बाय तेता" म्हणतात. मधल्या वेळात ती त्यांना मांजर दाखवते. घरातल्या घरात राहणारं नातवंड हे एवढंच उरलं होतं. हिच्याशीही मांजर दाखवूनच भागवायचं, हे तिला मान्य नव्हतं.

रुलाने हुकूम सोडला त्याच्या दुसऱ्या दिवसापासून ती दुप्पट बोलू लागली. तिच्या स्वयंपाकघराची खिडकी गल्लीत उघडते, त्यामुळे आम्हा सगळ्यांचंच शिक्षण झालं.

"हे बघ तेता, याला म्हणतात मरवा. चोळ. वास घे. नाकात नको घालू, वास घे म्हटलं. हा वास तुझ्या आजोबांना आवडायचा. काय काय आवडायचं त्यांना? सगळं आवडायचं, सांगायचे नाहीत. तू सांग. हं? बोल. मी थांबलेय. भोपळे पळून जात नाहीत."

आणि ती खरंच थांबायची. हातात सुरी तशीच धरून, पोरीच्या तोंडाकडे बघत. जुमान म्हणायची, "अंबू." इम्म सुहैल म्हणायची, "पाणी हवंय? कसलं? थंड की माठातलं? वाटीत की पेल्यात? सांग, तेता, मी काय अंतर्ज्ञानी आहे?" पाणी मिळायला वेळ लागायचा.

समोरची विदाद एकदा खिडकीतून म्हणाली, "अगं, सून ऐकेल."

"ऐकू दे. तिच्यासाठीच मोठ्याने बोलतेय."

रुलाने ऐकलं. दोन महिने ऐकलं, आणि एका संध्याकाळी जेवताना जाहीर केलं की सोमवारपासून जुमान सकाळपासून संध्याकाळपर्यंत मादाम आर्लेटकडे राहील. मादाम आर्लेट मुलं सांभाळते आणि तिच्या घरी कुत्र्याशीही फ्रेंचच बोलतात.

"आणि मी?" इम्म सुहैलने विचारलं.

"तुम्ही आराम करा, खालतो."

"आराम करायला आधी थकावं लागतं. संध्याकाळी आणशील तेव्हा ती झोपलेली असेल. मी काय तिच्या बुटांशी बोलू?"

"सुहैल, सांग ना तुझ्या आईला."

सुहैल बापावर गेला होता. तो म्हणाला की गाडीचं चाक बघून येतो, आणि उठला.

"मी ऐकणार नाही," इम्म सुहैल त्याच्या पाठीला म्हणाली. "दोघांनाही सांगून ठेवते. तिला तिकडे ठेवा, मी तिकडे जाऊन फाटकाबाहेर खुर्ची टाकीन. रस्ता त्या मादामच्या बापाचा नाही."

सोमवारी सकाळी जिन्याच्या पायथ्याशी सगळे होते. सुहैल किल्ली फिरवत, इम्म सुहैल घरातल्या कपड्यांत पण डोक्याला रुमाल बांधून, खुर्ची काखेत. रुला खाली वाकून जुमानच्या पायात बूट घालत होती आणि खोक्यावरच्या फ्रेंचमध्ये लवकर, लवकर म्हणत होती. जुमानने पाय मागे ओढला.

"मी येत नाही," ती म्हणाली. "तू घरात आलीस की डोकं उठतं. तुला एवढं हवंय तर तूच जा त्या मादामकडे. मी तेताजवळ बसणार, आणि तू परत आलीस तर आम्ही दार उघडणार नाही."

विदादची खिडकीतून दोरीने सोडलेली टोपली भाजीवाल्याच्या डोक्यावर अर्धवट थांबली.

"बोलली," रुला म्हणाली. तिचा हात तोंडावर गेला होता. "सुहैल, ऐकलंस? सगळं बोलली ही." मग ती नेमकं काय बोलली, ते तिच्यापर्यंत पोचलं. ती सावकाश उभी राहिली. "हे हिला कोणी शिकवलं?"

एखादी शहाणी बाई म्हणाली असती की मुलं कुठून काय उचलतात कोण जाणे.

"मी," इम्म सुहैल म्हणाली. "एकेक शब्द माझा आहे. तुझ्याबद्दल विदादशी बोलले होते, आणि परत बोलेन. लाज वाटते थोडी, पण माफी मागणार नाही. मादामकडे शिकली असती तर हेच ती मला फ्रेंचमध्ये म्हणाली असती, आणि मी काही न कळता कौतुकाने मुका घेतला असता तिचा. ते हवं होतं तुला?"

"मी गाडी काढतो," सुहैल म्हणाला.

"उभा राहा तिथेच," दोघी म्हणाल्या.

रुला लेकीकडे वळली. फ्रेंचमध्ये याला उत्तर नव्हतं. असल्या प्रसंगी काय म्हणायचं ते कोणी खोक्यावर छापत नाही. मग ती जे बोलली ते थेट अक्कारच्या डोंगरातून आलं, जाड, भरदार, आम्ही तिच्या तोंडून कधी न ऐकलेलं.

"डोकं उठतं? तुझं? इम्मी, रात्री तू तीन-तीनदा रडतेस तेव्हा कोण उठतं? तेता? तेता तर घोरत असते!"

"तेता घोरत नाही!"

"घोरते! भिंत हलते!"

"भिंत हलत नाही! तू हलतेस!"

"मी घोरत नाही," इम्म सुहैल खुर्ची खाली ठेवून तीवर बसत म्हणाली. "नीट सांग तिला, तेता. आजोबा घोरायचे."

हे बरंच चाललं. वरचे शेजारी अर्ध्या जिन्यापर्यंत उतरून आले. भाजीवाल्याने आपलं मतही दिलं. अखेर रुलाचा फोन वाजला. मादाम आर्लेट होती, मूल अजून कसं आलं नाही म्हणून. रुलाने एका हाताने जुमानचा बूट काढत, त्याच डोंगरी अरबीत, आवाज जराही न दाबता उत्तर दिलं.

"नाही येत ती. नाही, आजारी नाही. तिचं आजीशी बोलणं चालू आहे. उद्या? उद्याही चालूच असेल."