पाळकबाई आणि आठ ओळी

तालुका वार्ताहराच्या घरात दोन ढीग साचतात. एक रद्दीचा, तो बायको महिन्याच्या महिन्याला विकून मोकळी होते. दुसरा किश्शांचा. तो फुकट देतो म्हटलं तरी कोणी नेत नाही! त्यातले हे चार-पाच आज तुमच्या गळ्यात मारतो.

डिचोलीच्या औद्योगिक वसाहतीमागे एक छोटं चर्च आहे. गोव्यात चर्च म्हटलं की आपल्याला कॅथलिकच आठवतात, पण हे अँग्लिकन वळणाचं. बेळगाव-कोल्हापूरकडून कारखान्यांत कामाला आलेल्या पस्तीसेक घरांनी उभं केलेलं. उपासना मराठीत. तिथं पहिल्यांदाच एक बाई धर्मगुरू म्हणून आल्या आणि आमच्या संपादकांना त्याचा वास लागला. आम्ही त्यांना ‘पात्रांव’ म्हणतो, म्हणजे मालक. पात्रांव म्हणाले, “त्यांच्या धर्मप्रांतात काय बदलतंय त्यावर मोठा लेख कर. दोन्ही बाजू हव्यात. आणि सोर्स पक्के!”

मी म्हटलं, “पात्रांव, काळजी सोडा.” त्यांनी सोडली, तिथंच चुकलं.

*

चर्चच्या दारात एक बाई फळ्यावर सूचना लिहीत होत्या. मी विचारलं, “फादर आहेत का?”

“मीच,” बाई म्हणाल्या.

त्यांना नीट ऐकू आलं नसावं असं वाटून मी जोरात म्हटलं, “फादर! फादर!”

“अहो, ओरडलात म्हणून मी पुरुष होणार नाही!”

या सुनीताबाई, कोल्हापूरच्या. आमच्यात फादर म्हणत नाहीत, ‘पाळक’ म्हणतात, एवढं त्यांनी मला शिकवलं. तोवर आमचा पेडण्याचा फोटोग्राफर बाबनी आतल्या खोलीत कामाला लागला होता. चहाचा ट्रे घेऊन उभ्या असलेल्या एका गृहस्थांना तो सांगत होता, “फादर, मातशे हांसात! आता हात वर करात, आशीर्वाद दिल्यासारखे!”

सहा फोटो झाल्यावर ते गृहस्थ संकोचून म्हणाले, “मी पाळकबाईंचा नवरा. बँकेत असतो.”

*

लेखाआधी एक छोटी बातमी दिली: ‘डिचोलीत पहिल्या महिला पाळक रुजू.’ पणजीला आमचे मुद्रितशोधक फार कडक. त्यांना ‘पाळक’ ही माझी नेहमीची अशुद्ध मराठी वाटली. सकाळी छापून आलं, ‘डिचोलीत पहिल्या महिला पालक रुजू.’

साडेसातला एका शाळेच्या मुख्याध्यापिकांचा फोन. “पहिल्या महिला पालक? मग आमच्याकडे दर महिन्याला भांडायला येतात त्या कोण?”

मी दुरुस्ती पाठवली. दुसऱ्या दिवशी ती ठळक चौकटीत आली: ‘काल पालक असे छापले गेले, ते पालक असे वाचावे. चुकीबद्दल दिलगीर आहोत.’

तोंड लपवत सुनीताबाईंकडे गेलो. त्या पोट धरून हसल्या. “नशीब समजा, शेजारी भाजीचे दर नव्हते!”

*

मग पक्क्या सोर्सची गोष्ट. बिशपसाहेब आणखी दोन ठिकाणी बायकांना पाळक नेमणार असं मी पहिल्या बातमीच्या शेवटी ‘समजते’ घालून लिहून टाकलं होतं. कोणाकडून समजलं, ते मलाच आठवेना. लेखासाठी खात्री करायला तीन जबाबदार माणसांना फोन केले. तिघांनीही ठामपणे सांगितलं, “होय, बातमी खरी आहे.”

तीन सोर्स! मी हवेत. सहज तिसऱ्याला विचारलं, “तुम्हाला कुठून कळलं?”

“तुमच्याच पेपरात वाचलं की!”

शेवटी मुकाट बिशपच्या कचेरीत पत्र पाठवलं. उत्तर आलं, “असा निर्णय झालेला नाही.” ती दुरुस्ती मी स्वतः पणजीला जाऊन, शेजारी बसून लावून घेतली.

*

आता दुसरी बाजू. याकोबकाका म्हणजे मूळचे बेळगावचे, कारखान्यातून निवृत्त. बाई आल्या त्या दिवसापासून त्यांनी चर्चला जाणं सोडलं होतं. त्यांच्यामुळे आणखी चार घरं काठावर. माझी एक ओळ वाकडी पडली तर पस्तीस घरांचे दोन तट व्हायचे, याची मला खरंच धास्ती होती.

काका पडवीत बसले होते. म्हणाले, “मंडळी माझ्याशी बोलत नाही बघा.”

मला वाईट वाटलं. मी वही मिटून अनुभवाचे बोल सुनावले, “काका, नाताळ जवळ आलाय. एक चांगली साडी घेऊन टाका.”

“साड्या? पस्तीस घरांना?”

त्यांच्यात ‘मंडळी’ म्हणजे चर्चचे सगळे सभासद! आतून काकूंचा आवाज आला, “सुरुवात घरातनं करा म्हणावं!”

हसून झाल्यावर काका म्हणाले, “ह्या चर्चचे चिरे ह्या खांद्यावरनं वाहिलेत मी. पण उपासनेत प्रभुभोजनाची भाकर बाईच्या हातनं घ्यायला मन धजत नाही. खोटं कशाला बोलू?” मला त्यांचं म्हणणं पटलं नाही, माणूस मात्र फार आवडला.

*

लेख पानात लागायच्या दिवशी दुपारी पात्रांवांचा फोन. “जाहिरात आलीय. आठ ओळी काप. म्हाताऱ्याच्या काप, जुनंच रडगाणं आहे.”

मी पेन काढलं. कापण्याआधी सुनीताबाईंना फोन लावला, जरा शाबासकी मिळेल म्हणून. “तुमच्या विरोधातलं कमी करतोय हं!”

बाई म्हणाल्या, “त्यांचं कापू नका. माझं कापा. मी दर रविवारी चर्चमध्ये उभी राहून बोलते. त्यांना बोलायला एवढीच जागा आहे.”

मला माझीच लाज वाटली. बाईंच्या आठ ओळी काढल्या आणि काकांचं म्हणणं काकांनाच वाचून दाखवायला गेलो. त्यांनी डोळे मिटून ऐकलं.

“बरोबर. एक शब्द इकडचा तिकडं नाही. आणि बाईंचं?”

मी त्यांचं वाचलं. चार वाक्यांत संपलं.

“एवढंच?”

जागा नव्हती, एवढं सांगून उठायला हवं होतं. एका बाजूचं बोलणं दुसरीला सांगायचं नसतं, हे नवशिक्यालाही कळतं. पण माझ्या तोंडाला कधी कुलूप होतं? बाई फोनवर बोलल्या ते मी जसंच्या तसं सांगून टाकलं.

काकांनी चष्मा काढला, धोतराच्या सोग्याला पुसला, परत घातला. काकू चहा घेऊन दारातच थांबल्या.

मग काका म्हणाले, “उपासना आता किती वाजता असते हो?”